मेंथॉलचा जीएसटी उतरला. पण पालीच्या शेतात पुदिना परवडेल का?

पाली (ता. रत्नागिरी) : जीएसटी परिषदेच्या ३ सप्टेंबर २०२५ च्या ५६ व्या बैठकीनंतर टूथपेस्ट, साबण, औषधं स्वस्त होणार म्हणून बातम्या झळकल्या. त्याच यादीत एक ओळ होती, तिच्याकडे कोकणात फारसं कुणी पाहिलं नाही. नैसर्गिक मेंथॉलवरचा कर १२ टक्क्यांवरून ५ टक्के झाला आणि कारखान्यात रसायनांपासून बनवलेल्या मेंथॉलवरचा कर १२ वरून थेट १८ टक्क्यांवर गेला. नवे दर २२ सप्टेंबर २०२५ पासून लागू झाले. वस्तू एकच, वास एकच, थंडावा एकच. पण एक शेतातून आलेली आणि दुसरी कारखान्यातून, म्हणून करात १३ टक्क्यांचा फरक.

मेंथॉल म्हणजे आपल्या बोलीतलं पिपरमिंट, काष्ठौषधीच्या दुकानातली ‘पुदिन्याची फुलं’. डोकं दुखलं की लावायचा बाम, खोकल्याची गोळी, टूथपेस्ट, पानातला थंडावा, अमृतधारेची बाटली या सगळ्यांत ते असतं. मुंबई-गोवा महामार्ग आणि कोल्हापूरकडे जाणारा रस्ता जिथे फुटतो त्या पालीच्या नाक्यावरची कुठलीही टपरी पाहा, निम्म्या बरण्यांत याचा वास सापडेल.

कर उतरल्याचा अर्थ सरळ दिसतो. शेतकऱ्याच्या पुदिन्याला बरे दिवस येणार. त्यात यूट्यूबवर मेंथा शेतीचे व्हिडिओ भरपूर आहेत आणि ‘९० दिवसांत पैसे’ ही त्यांची ठरलेली जाहिरात. इकडे हापूसचा मोहोर अवकाळी पावसाने आणि फुलकिडीने जातो, काजू बीच्या दराचा भरवसा नाही, भाजी किंवा कंद लावावेत तर वानर, माकडं आणि डुकरं ठेवत नाहीत. जनावर तोंड लावणार नाही असं पीक कुणी सुचवलं की कोकणातल्या शेतकऱ्याचे कान टवकारणारच. तेव्हा प्रश्न साधा आहे. पाली पंचक्रोशीतल्या शेतकऱ्याने या वासामागे जावं का?

करातला फरक शेतकऱ्यापर्यंत किती पोचतो?

आधी कराचा हिशेब. औषध कंपनीने १००० रुपयांचं नैसर्गिक मेंथॉल घेतलं तर बिल १०५० चं, कृत्रिम घेतलं तर ११८० चं. वरवर पाहता १३० रुपयांचा फरक. पण जीएसटीत नोंदणी असलेल्या कारखान्याला खरेदीवर भरलेला कर आपल्या विक्रीच्या करातून वजा करून मिळतो. म्हणजे ५० असोत वा १८०, कागदावर ते पैसे परत फिरतात. कंपनीच्या दृष्टीने मालाची खरी किंमत १००० च राहते.

मग फायदा अजिबातच नाही का? तसं नाही. त्याच बैठकीत टूथपेस्ट १८ वरून ५ टक्क्यांवर आणि बहुतेक औषधं १२ वरून ५ टक्क्यांवर आली. आता कृत्रिम मेंथॉल घेणारा कारखानदार कच्च्या मालावर १८ टक्के भरतो आणि तयार माल विकताना ग्राहकाकडून ५ टक्केच वसूल करतो. वरचा कर अडकून पडतो, त्यासाठी परताव्याचा अर्ज करावा लागतो, खेळतं भांडवल गुंततं. नैसर्गिक घेतलं तर ही कटकट उरत नाही. म्हणजे नैसर्गिक मालाला थोडा हात मिळाला हे खरं, पण तो हात १३ टक्क्यांचा नाही, त्याहून बराच लहान आहे.

दुसरी गोष्ट निर्यातीची. भारतातलं मेंथॉल आणि मेंथा तेल मोठ्या प्रमाणात परदेशी जातं. निर्यातीवर जीएसटी शून्य. जर्मनीतल्या किंवा अमेरिकेतल्या खरेदीदाराला दिल्लीत कुठला दर लागला याच्याशी देणंघेणं नाही. तो समोर दोन भाव ठेवतो, एक भारतातल्या शेतकऱ्याच्या मेंथॉलचा आणि दुसरा कारखान्याचा. जो परवडेल तो घेतो. शेतकऱ्याचा भाव ठरतो तो तिथे.

आधी हा वास म्हणजे काय ते पाहू

पुदिना म्हटलं की घरच्या चटणीचा पुदिना डोळ्यापुढे येतो. पण त्यातून मेंथॉल मिळत नाही. चटणीच्या पुदिन्याचा वास असतो कार्वोन नावाच्या द्रव्याचा. गंमत अशी की बाळंतीण ज्या बाळंतशेपा चावते त्यांच्या वासातही कार्वोनच आहे. फक्त रेणूची ठेवण आरशातल्या प्रतिबिंबासारखी उलटी, त्यामुळे एकाचा वास पुदिन्यासारखा आणि दुसऱ्याचा शेपूसारखा. वासाच्या धंद्यात एवढ्याशा फरकावर सगळं अवलंबून असतं.

मेंथॉल मिळतं ते जपानी पुदिन्यापासून, ज्याला उत्तर भारतात सरसकट ‘मेंथा’ म्हणतात. त्याचा पाला वाफेवर ऊर्ध्वपातित केला की तेल मिळतं आणि त्या तेलात साधारण ७० ते ८० टक्के मेंथॉल असतं. तेल हळूहळू थंड केलं की सुईसारखे पांढरे स्फटिक खाली बसतात. तेच पुदिन्याचं फूल. जिभेला थंड वाटतं ते बर्फासारखं तापमान उतरल्यामुळे नव्हे. शरीरात थंडी ओळखणारा जो संवेदक असतो त्याला मेंथॉल फसवतं आणि मेंदूला वाटतं गार झालं. डेव्हिड ज्युलियस आणि आर्डेम पॅटापूटियन या दोघांनी मेंथॉल वापरूनच हा संवेदक स्वतंत्रपणे शोधला. तापमान आणि स्पर्श ओळखणाऱ्या संवेदकांवरच्या कामासाठी त्यांना २०२१ चं वैद्यकशास्त्राचं नोबेल मिळालं.

हे मेंथा भारतात आलं १९५० च्या दशकात, जपानमधून. लखनौच्या केंद्रीय औषधी आणि सुगंधी वनस्पती संस्थेने, म्हणजे सीमॅपने, त्याच्या नवनव्या जाती काढल्या. हिमालय, कोसी, सक्षम, सिम-क्रांती ही त्यातली काही नावं. बाराबंकी, संभल, रामपूर, बदायूं हा त्याचा पट्टा आणि चंदौसी ही नावाजलेली बाजारपेठ. आज जगातलं बहुतांश नैसर्गिक मेंथॉल भारतातून जातं आणि त्यातलं बहुतांश उत्तर प्रदेशातून.

तिकडे जमलं ते इकडे का जमेल असं नाही

बाराबंकीच्या शेतकऱ्याला मेंथा का परवडलं? बटाटा, मोहरी किंवा गहू निघाल्यावर आणि भात लावण्याआधी त्याच्याकडे सुमारे १०० दिवसांची फट असते. जमीन गाळाची, खाली पाणी, दारात बोअर. त्या फटीत मेंथा बसतं. मूळ पिकं शाबूत राहतात आणि हे वरकमाईचं होतं.

कोकणातही भात कापल्यापासून पुढच्या पेरणीपर्यंत जमीन मोकळी असते. कुळीथ, पावटा, कडवा घेतला तर घेतला, नाहीतर पडून. मग अडचण कुठे आहे? अडचणी एक नाहीत, चार आहेत.

पहिली पाण्याची. मेंथाला फेब्रुवारी ते मे दर आठ-दहा दिवसांनी पाणी लागतं. उन्हाळा चढला की त्याहूनही लवकर. रत्नागिरी जिल्ह्यात पाऊस ३००० मिलिमीटरच्या वर पडतो, पण तो चार महिन्यांत पडून वाहून जातो आणि एप्रिल-मे मध्ये वाड्यावाड्यांत टँकर फिरतात. जिथे वहाळाला कच्चा बंधारा घालून पाणी टिकतं तिथे मळ्यात एखादा तुकडा होईल. पण कातळावर आणि वरकस जमिनीवर मेंथाचा विचारही करू नये. उत्तर प्रदेशातसुद्धा मेंथा भूजल ओढतं अशी तक्रार आहेच, म्हणून सीमॅपने सरीवर लवकर लागवड करून पाणी वाचवण्याची पद्धत काढली. जिथे विहिरीला पाणी पुरत नाही तिथे हे पीक आणणं म्हणजे प्यायच्या पाण्यातून बाम काढण्यासारखं आहे.

दुसरी अडचण दिवसाच्या लांबीची. मेंथाला मोठे दिवस मानवतात. बाराबंकी साधारण २७ अंश अक्षांशावर, रत्नागिरी १७ अंशावर. जूनच्या सुमारास तिकडचा दिवस इकडच्यापेक्षा जवळपास ४० मिनिटांनी मोठा असतो. फरक किरकोळ वाटतो, पण झाड वाढतं किती आणि पानात तेल भरतं किती यात तो दिसतो. तिकडचा एकरी उतारा इकडे जसाच्या तसा मिळेल असं धरून हिशेब मांडणं चूक ठरेल.

तिसरी अडचण पावसाची. मेंथा कापायचं ते कोरड्या हवेत, कडक उन्हात. कापलेला पाला थोडा सुकवून मग टाकीत भरतात. पावसात भिजला तर तेल घटतं आणि पाला कुजतो. उत्तर प्रदेशात मोसमी पाऊस जूनच्या उत्तरार्धात पोचतो. कोकणात तो जूनच्या पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात येतो आणि वळीव त्याच्याही आधी. म्हणजे इकडच्या शेतकऱ्याच्या हातात दोन-तीन आठवडे कमीच.

चौथी अडचण सगळ्यात मोठी आणि व्हिडिओत न सांगितली जाणारी. मेंथाची कापणी येते मे महिन्यात. त्या महिन्यात रत्नागिरी तालुक्यात माणूस मिळतो का? आंबा उतरवायला, पेटी भरायला, काजू गोळा करायला गडी पुरत नाहीत. हापूसच्या पेटीचं काम सोडून पुदिना कापायला कोण येणार आणि आलाच तर मजुरी काय मागणार, हे पालीतल्या कुठल्याही बागायतदाराला सांगायला नको.

हिशेब मांडून पाहा

तरीही समजा पाणी आहे, माणसं आहेत आणि उत्तर प्रदेशासारखा उतारा मिळाला. एकरी साधारण ८ ते १० टन हिरवा पाला, त्यातून ५० किलोच्या आसपास तेल. किलोला १००० रुपये भाव धरला तर ५० हजार रुपये. ही उलाढाल झाली, नफा नव्हे. यातून सकर (म्हणजे लागवडीची मुळं), खत, पाणी, बेणणी, कापणी, वाहतूक आणि तेल काढण्याची मजुरी जायची.

आता तेल काढण्याचंच पाहा. १० टन पाला, ५०० किलोची टाकी. म्हणजे २० घाणे. एका घाण्याला चार-पाच तास. एका एकराचा पाला संपवायला भट्टी रात्रंदिवस चार दिवस पेटती हवी. त्यासाठी जळण हवं, थंड करायला वाहतं पाणी हवं आणि तेही मे महिन्यात. पाच शेतकऱ्यांनी मिळून पाच एकर केलं तर एका लहान टाकीवर शेवटच्याचा नंबर येईपर्यंत पाऊस दारात. मोठी टाकी, बॉयलर घ्यायचा तर गुंतवणूक लाखांत आणि ती वर्षातून महिनाभरच चालणार.

भट्टी जवळ नसेल तर पाला नेणं हाच खर्च खाऊन टाकतो. १० टन पाल्यात साडेनऊ टनांहून जास्त भाग पाणी आणि चोथा असतो. तो ट्रकमधून घाट चढवून नेणं म्हणजे भाडं भरून पाणी विकायला नेणं. म्हणून बाराबंकीत गावोगाव टाक्या आहेत. पीक आणि भट्टी तिथे एकत्र वाढली. इकडे पीक आधी आणि भट्टी नंतर असं केलं तर पहिल्याच हंगामात बोंब होईल.

भाव कोण ठरवतं?

मेंथा तेलाला हमीभाव नाही. त्याचे वायदे मुंबईच्या एमसीएक्सवर चालतात. २०१२ मध्ये भाव किलोला २००० रुपयांच्या वर गेला होता. पुढे दोन-तीन वर्षांत तो हजाराच्याही खाली उतरला. २०१७ च्या अखेरीला पुन्हा उसळला आणि पुन्हा खाली आला. चढत्या भावात लावणारा शेतकरी काढणीला उतरत्या भावात सापडतो, ही तिकडची नेहमीची कहाणी. कांद्याच्या पट्ट्यात जे होतं तेच.

या चढउतारामागे एक मोठा खेळाडू आहे, तो म्हणजे कारखाना. जर्मनीत १९७० च्या दशकापासून थायमॉलपासून मेंथॉल बनतं. थायमॉल म्हणजे आपल्या ओव्याच्या फुलात असतं ते द्रव्य. जपानच्या ताकासागो कंपनीने १९८० च्या दशकात दुसरी पद्धत आणली. तिच्यामागचं रसायनशास्त्र र्योजी नोयोरी यांचं, त्यांना २००१ चं नोबेल मिळालं. २०१२ मध्ये जर्मनीच्या बीएएसएफने लुडविग्सहाफेन इथे सिट्रालपासून मेंथॉल बनवायला सुरुवात केली आणि पुढे मलेशियातल्या क्वांतान इथेही उत्पादन सुरू केलं. कारखान्याला ना अवकाळी, ना मजूरटंचाई. वर्षभर एकाच दर्जाचा माल, ठरलेल्या भावात.

अर्थात कारखानाही बंद पडतो. २९ जुलै २०२४ रोजी लुडविग्सहाफेनला आग लागली आणि कंपनीला काही जीवनसत्त्वं आणि सुगंधी द्रव्यांचा पुरवठा थांबवावा लागला. अशा वेळी नैसर्गिक मालाची आठवण होते. पण जगाच्या त्या टोकाला आग लागेल या भरवशावर पालीत लागवड करता येत नाही.

मागणीच्या बाजूलाही सरकारं आहेत. युरोपीय संघाने मेंथॉलच्या सिगारेटी २० मे २०२० पासून बंद केल्या. महाराष्ट्रात गुटखाबंदी २०१२ पासून आहे. थंडाव्याचा एक मोठा गिऱ्हाईक तंबाखू आणि पानमसाला आहे. त्यावर जितके निर्बंध येतील तितके लोकांच्या भल्याचेच, पण ज्याने पैसे गुंतवले त्याने हा धोका धरून चालायला हवा.

वास जमीन बदलत आला आहे

इतिहास पाहिला तर हे पीक एका ठिकाणी टिकत नाही असंच दिसतं. दुसऱ्या महायुद्धाच्या आधी जपानच्या होक्काइडो बेटावरचं कितामी हे गाव जगाच्या बाजारातलं सुमारे ७० टक्के मेंथॉल पुरवायचं. युद्धानंतर ब्राझीलने तो बाजार घेतला. मग चीन पुढे आला आणि त्यानंतर भारत. कितामीत आज पुदिन्याचं संग्रहालय आहे, बाजार नाही. जिथे जमीन आणि मजुरी स्वस्त तिथे हा वास गेला आणि महाग झाली की पुढे निघाला.

महाराष्ट्रातही असं झालं आहे. खानदेश आणि विदर्भाच्या रानात रोशा गवत कापून भट्टीवर तेल काढत. रोशाचं तेल परदेशी अत्तरवाल्यांकडे जायचं. केरळात कोकणासारख्याच जांभ्या मातीच्या डोंगरउतारावर गवती चहाचं तेल निघायचं आणि ‘कोचीन तेल’ म्हणून जगात नाव होतं. कारखान्यात सिट्राल स्वस्तात बनू लागल्यावर तो धंदा आकसला. आता नीट पाहा. गवती चहाच्या तेलात ७०-८० टक्के असतं ते सिट्राल, आणि बीएएसएफ मेंथॉल बनवते तेही सिट्रालपासूनच. म्हणजे मेंथा सोडून गवती चहा लावला तरी समोर उभा राहतो तो त्याच घराण्यातला कारखाना.

मग कोकणाने वासाचा नाद सोडायचा का?

सोडायचा नाही, पण वास निवडून घ्यायचा. कोकणात वासाची पिकं नवीन नाहीत. दालचिनी, जायफळ, मिरी, लवंग, वाळा हे सगळं परड्यात आहेच. रत्नागिरीजवळ भाट्ये इथलं प्रादेशिक नारळ संशोधन केंद्र वर्षानुवर्षं ‘लाखी बाग’ दाखवतं. नारळाच्या सावलीत मसाल्याची झाडं, एकाच पाण्यात, एकाच खतात. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाने दालचिनीची ‘कोकण तेज’ आणि जायफळाच्या ‘कोकण सुगंधा’, ‘कोकण स्वाद’ अशा जाती दिल्या. या पिकांना नारळाला दिलेलं पाणी पुरतं. मुख्य म्हणजे साल आणि फळ वाळवून ठेवता येतं. भाव पडला तर दालचिनी डब्यात थांबते, पुदिन्याचा पाला शेतात थांबत नाही. छाटणीतला दालचिनीचा पाला आज जाळला जातो किंवा कुजतो. त्यातही तेल असतं. सामायिक भट्टी असेल तर ती पुदिन्याऐवजी या पाल्यावर वर्षातून जास्त दिवस चालेल.

गवती चहा आणि सिट्रोनेला यांचंही एक खरं मोल आहे. एकदा लावलं की चार-पाच वर्षं पीक राहतं, पावसावर वाढतं, उतारावरची माती धरून ठेवतं आणि माकडं-डुकरं सहसा त्याच्या वाटेला जात नाहीत. पडीक जमिनीला आणि बागेच्या कडेला ते ठीक आहे. पण फक्त जनावर खात नाही म्हणून पीक लावलं तर शेवटी माणूसही घेत नाही अशी पाळी येऊ शकते. जनावरांचा त्रास हा स्वतंत्र प्रश्न आहे. त्याचं उत्तर वन खात्याकडून, कुंपणाच्या अनुदानातून आणि नुकसानभरपाईतून मागायला हवं. त्यासाठी शेतकऱ्याने आपलं खाण्याचं पीक सोडून द्यावं हे उत्तर नव्हे.

केंद्राच्या वैज्ञानिक संशोधन परिषदेचं ‘अरोमा मिशन’ २०१७ मध्ये सुरू झालं, २०२१ मध्ये त्याचा दुसरा टप्पा आला. रोपं, प्रशिक्षण, भट्टी यांची मदत त्यातून मिळू शकते. शेतकरी उत्पादक कंपनी असेल तर तिने आधी दापोलीला आणि लखनौला विचारावं की पालीच्या मातीत, पालीच्या पाण्यात कुठलं पीक, किती उतारा. आणि तो उतारा दोन गुंठ्यांत स्वतः काढून पाहावा.

सही करण्याआधी विचारायचे प्रश्न

वासाच्या शेतीत शेतकरी फसतो तो बहुतेक वेळा रोपांपाशी. रोपं विकणारा ‘तेल आम्हीच घेऊ’ म्हणतो आणि दोन वर्षांनी फोन उचलत नाही. त्याचा धंदा रोपांचा होता, तेलाचा नव्हताच. म्हणून कुणी एजंट दारात आला, व्हॉट्सअ‍ॅपवर माहितीपत्रक आलं किंवा ग्रामसभेत कुणी योजना मांडली, तर हे विचारून घ्यावं :

– तेल कोण घेणार, त्याचं नाव-पत्ता काय, गेल्या वर्षी त्याने कुणाकडून किती घेतलं? त्या शेतकऱ्याशी बोलता येईल का?

– भाव कशावर ठरणार? बाजारभावावर असेल तर कुठल्या बाजाराच्या? किमान भाव लेखी आहे का?

– भट्टी कुठे आहे? पालीपासून किती किलोमीटर? मे महिन्यात आणि भर पावसात चालेल का?

– तेलाची तपासणी कोण करणार? खरेदीदाराच्याच प्रयोगशाळेतला अहवाल शेतकऱ्याला मान्य करावा लागणार असेल, तर नमुन्याची एक सीलबंद बाटली शेतकऱ्याकडे राहणार का?

– रोपांचे पैसे आधी मागतात की तेलातून वळते करतात? खरेदीदाराला पिकाची खात्री असेल तर त्याला थांबायला हरकत नसावी.

पाचपैकी तीन प्रश्नांना धड उत्तर मिळालं नाही तर चहा पाजून वाटेला लावावं.

पालीसाठी याचा अर्थ

दिल्लीतला कराचा निर्णय बाराबंकीच्या शेतकऱ्यासाठी आहे आणि त्याच्यासाठी तो योग्यच आहे. सरकारने कागदावर म्हटलं की शेतातला रेणू आणि कारखान्यातला रेणू रसायनशास्त्राला सारखे असले तरी गावाला सारखे नाहीत. हे तत्त्व कोकणाच्याही कामाचं आहे. उद्या कोकमाच्या आमसुलाला आणि कारखान्यातल्या आम्लाला, खऱ्या दालचिनीला आणि बाजारात तिच्या नावाने खपणाऱ्या जाड सालीला असाच वेगळा न्याय मागता येईल. त्यासाठी लोकप्रतिनिधींकडे बोलायला आता एक दाखला आहे.

पण दाखला म्हणजे लागवडीचा सल्ला नव्हे. मेंथॉल हे पाण्याचं, गाळाच्या जमिनीचं आणि गावोगावच्या भट्ट्यांचं पीक आहे. पालीकडे कातळ आहे, चार महिन्यांचा पाऊस आहे, मे महिन्यात आंबा आहे आणि दोन हमरस्त्यांचा नाका आहे. यातल्या शेवटच्या गोष्टीचा विचार अजून कुणी नीट केलेला नाही. कोल्हापूर आणि मुंबई दोन्हीकडे माल जाऊ शकेल अशा ठिकाणी पाच-दहा गावांची एक सामायिक भट्टी आणि वाळवण यंत्र उभं राहिलं, त्यात दालचिनीचा पाला, जायफळ, वाळा, थोडा गवती चहा असं वर्षभर काही ना काही येत राहिलं, तर वासाचा पैसा गावात राहील. आधी खरेदीदार, मग भट्टी, आणि सगळ्यात शेवटी रोप. हा क्रम उलटा केला की रोपवाला तेवढा कमावतो.